गेम उघडत नाही, मध्येच बंद पडतो, ‘करप्ट’ म्हणतो: सोलापुरातून सतत येणारे प्रश्न

सोलापुरात कॉम्प्युटर आणि कन्सोल दुरुस्त करताना मला फोनवर आणि काउंटरवर तेच तेच प्रश्न येतात. एप्रिल-मेमध्ये तर त्यांचा पूरच येतो. परीक्षा संपून पोरं घरी असतात, पारा चाळिशीपार गेलेला असतो आणि लाइटही तेव्हाच जास्त जाते. बहुतेक जण माझ्याकडं पोचतात तेव्हा गेम आधीच डिलीट करून आलेले असतात, आणि काहींची वर्ष-दोन वर्षांची प्रगतीही त्यासोबत गेलेली असते. ती वाचू शकली असती, याचं मला दर वेळी वाईट वाटतं. म्हणून ही उत्तरं एकत्र लिहिली आहेत. सोपे प्रश्न आधी, अवघड नंतर. घाईत असाल तर निदान प्रश्न २ आणि ६ वाचल्याशिवाय काहीही डिलीट करू नका.

१. ‘फाइल करप्ट झाली’ म्हणजे नक्की झालं काय?

गेम म्हणजे हजारो फाइलींचा गठ्ठा. कंपनीनं बनवलेली फाइल आणि तुमच्या डिस्कवरची फाइल यांत एका बिटाचाही फरक पडला, तर ती फाइल करप्ट. आपल्या चादरीतला एक धागा तुटला तरी चादर अंगावर घेता येते. गेमच्या फाइली मात्र जागा वाचवायला घट्ट दाबून बांधलेल्या असतात. त्यात एक जागा चुकली की पुढचा मोठा भाग उलगडतच नाही आणि गेम तिथंच कोसळतो.

हा फरक ओळखण्यासाठी प्रत्येक तुकड्यातल्या मजकुरावरून गणितानं एक आकडा काढतात. त्याला चेकसम म्हणतात. मूळ आकड्यांची यादी कंपनीकडं असते. लाँचर (स्टीम, एपिकसारखं गेम उतरवून चालवणारं सॉफ्टवेअर) तुमच्या फाइलीचा आकडा काढून त्या यादीशी ताडून पाहतो आणि जुळला नाही तर तेवढाच तुकडा परत मागवतो. ‘व्हेरिफाय’ किंवा ‘रिपेअर’ हे बटण एवढंच काम करतं.

एक गोष्ट मनात पक्की धरा. फाइल आपणहून खराब होत नाही, तिला कुणीतरी खराब केलेलं असतं. अर्धवट राहिलेलं डाउनलोड, गेलेली लाइट, थकलेली हार्ड डिस्क, चुकणारी रॅम, अँटिव्हायरस किंवा आपणच टाकलेला मॉड, म्हणजे गेममध्ये बदल करणारी बाहेरची भर. फाइल दुरुस्त झाली आणि दोषी तसाच राहिला, तर आठवड्यात तुम्ही परत तिथंच येता.

२. दादा, सरळ अनइन्स्टॉल करून परत टाकला तर नाही का चालणार?

चालेल, पण तो शेवटचा उपाय आहे. आधी कॉम्प्युटर पूर्ण बंद करून सुरू करा. मग सेव्हची, म्हणजे खेळातली प्रगती साठवणाऱ्या फाइलीची, प्रत बाजूला काढा, ती कुठं असते ते प्रश्न ६ मध्ये आहे. मग व्हेरिफाय करा. माझ्याकडं येणाऱ्या पीसींपैकी बरेच इथंच बरे होतात. अनइन्स्टॉलनं सगळा डेटा पुन्हा डाउनलोड करावा लागतो, आणि डिस्क किंवा रॅम बिघडलेली असेल तर नव्यानं टाकलेला गेमही तसाच बिघडतो.

३. ते व्हेरिफायचं बटण सापडतच नाही. कुठं असतं?

स्टीममध्ये लायब्ररीत गेमवर राइट क्लिक करा, प्रॉपर्टीज, मग इन्स्टॉल्ड फाइल्स. तिथं ‘व्हेरिफाय इंटिग्रिटी ऑफ गेम फाइल्स’ आहे. एपिकमध्ये गेमच्या चित्राखालचे तीन ठिपके, मॅनेज, मग व्हेरिफाय. बॅटल डॉट नेटवर ‘प्ले’च्या बाजूचं दातेरी चाक दाबलं की ‘स्कॅन अँड रिपेअर’ दिसतं. ईए ॲपमध्ये मॅनेजखाली ‘रिपेअर’, युबीसॉफ्ट कनेक्टमध्ये गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये ‘व्हेरिफाय फाइल्स’, गॉग गॅलेक्सीमध्ये ‘मॅनेज इन्स्टॉलेशन’च्या आत ‘व्हेरिफाय ऑर रिपेअर’. विंडोजच्या एक्सबॉक्स ॲपमध्ये गेम उघडून तीन ठिपके, मॅनेज, फाइल्स, ‘व्हेरिफाय अँड रिपेअर’.

अपडेटनंतर ही बटणं इकडंतिकडं सरकतात. शब्द हेच शोधा, जागा थोडी बदललेली असू शकते. कन्सोलचा मामला वेगळा आहे, त्यासाठी प्रश्न १३ ते १५.

४. व्हेरिफाय केलं तर सगळे १०० जीबी परत डाउनलोड होतील का? मी मोबाइलच्या हॉटस्पॉटवर आहे.

नाही. तपासणी तुमच्याच डिस्कवर होते, नेटवरून फक्त खराब तुकडे येतात. पण किती तुकडे खराब आहेत हे तपासल्याशिवाय कळत नाही. रोजच्या दीड-दोन जीबीच्या पॅकवर असाल तर तपासणी संपल्यावर डाउनलोडचा आकडा बघा, मोठा असेल तर थांबवा आणि वायफाय मिळाल्यावर पुढं चालू करा.

वेळ मात्र लागतो. साधी हार्ड डिस्क सेकंदाला १०० एमबीच्या आसपास वाचते, म्हणजे १०० जीबीला हिशेबानं सतरा मिनिटं. बारीक फाइली खूप असतील तर त्याहून बराच जास्त. आकडा मध्येच थबकल्यासारखा दिसतो, तेव्हा वैतागून बंद करू नका.

५. स्टीम दर वेळी ‘१ फाइल फेल, परत आणली जाईल’ म्हणतं. गेम नीट चालतोय. काळजी करू का?

गेम नीट चालत असेल आणि आकडा दर वेळी तेवढाच असेल तर नको. काही गेम आपल्या सेटिंग्जची फाइल स्वतःच बदलत राहतात, ती मूळ यादीशी कधीच जुळणार नाही. आकडा दर वेळी वेगळा येत असेल तर मात्र लगेच प्रश्न १० वाचा.

६. मुलानं दोन वर्षं खेळून जमवलेलं सगळं जाईल का? तो जेवत नाहीये.

एका आईनं विचारलेला हा प्रश्न मी तसाच ठेवला आहे, कारण मला तो सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो. गेम दुकानातून परत मिळतो. मुलाची सेव्ह जगात एकाच ठिकाणी असते.

चांगली गोष्ट अशी की सेव्ह बहुतेक वेळा गेमच्या फोल्डरमध्ये नसतेच. विंडोजवर ती डॉक्युमेंट्समधल्या ‘माय गेम्स’मध्ये, युजरच्या ‘सेव्ह्ड गेम्स’ फोल्डरमध्ये किंवा ॲपडेटाच्या लोकल, लोकललो, रोमिंग या तीन खोल्यांपैकी एकीत असते. ॲपडेटा लपवलेलं असतं, फाइल एक्सप्लोररच्या ‘व्ह्यू’मधून ‘हिडन आयटम्स’ चालू केलं की दिसतं. काही गेमच्या सेव्ह स्टीमच्याच ‘युजरडेटा’ फोल्डरमध्ये असतात. गेमच्या किंवा ती बनवणाऱ्या कंपनीच्या नावाचं फोल्डर दिसलं की ते अख्खं पेनड्राइव्हवर कॉपी करा. कट नाही, कॉपी. काही जुने गेम सेव्ह गेमच्याच फोल्डरमध्ये ठेवतात, म्हणून तिथंही एकदा ‘सेव्ह’ नावाचं काही आहे का बघा.

फोर्टनाइट, व्हॅलोरंटसारख्या फक्त ऑनलाइन चालणाऱ्या गेमची काळजी नको. तिथली प्रगती खात्यावर असते, पासवर्ड आठवतोय एवढं पाहा.

प्लेस्टेशनवर, म्हणजे पीएस४ आणि पीएस५ वर, गेम डिलीट केला तरी सेव्ह वेगळी राहते. पीएस४ वर सेटिंग्जमधल्या ‘ॲप्लिकेशन सेव्ह्ड डेटा मॅनेजमेंट’मधून ती पेनड्राइव्हवर काढता येते. पीएस५ च्या गेमची सेव्ह पेनड्राइव्हवर निघत नाही, त्यासाठी पीएस प्लस या पैसे भरून घ्यायच्या सेवेचं क्लाउडच लागतं. हे पालकांना आधी कुणी सांगत नाही, म्हणून मी आवर्जून सांगतो. एक्सबॉक्स नेटला जोडलेला असेल तर सेव्ह आपोआप क्लाउडवर जाते आणि त्याचे वेगळे पैसे नाहीत. निन्टेन्डो स्विचची सेव्ह मशीनच्या आतल्या मेमरीत असते, कार्डवर नाही. त्यामुळे कार्ड गेलं तरी सेव्ह वाचते.

आणि त्या मुलाला सांगा, बहुतेक वेळा सेव्ह शाबूत सापडते.

७. खेळता खेळता लाइट गेली. आता गेम लोडिंगवरच अडकतोय.

सोलापुरात माझ्याकडं सर्वाधिक येणारी केस. कॉम्प्युटर ‘लिहिलं’ म्हणतो तेव्हा ते खरंच डिस्कवर उतरलेलं असतंच असं नाही. काही भाग थोडा वेळ मेमरीत थांबतो आणि त्या क्षणी लाइट गेली की तेवढा हरवतो. विंडोजची एनटीएफएस पद्धत फाइलींची नोंदवही सांभाळते, पण फाइलीच्या आतल्या मजकुराची हमी देत नाही. म्हणून नाव आणि आकार बरोबर दिसतो, आत मात्र कचरा असतो. अपडेट चालू असताना लाइट गेली तर नुकसान जास्त, कारण तेव्हा लिहिणं अखंड चालू असतं.

क्रम असा ठेवा. आधी ‘धिस पीसी’मध्ये ड्राइव्हवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, टूल्स, ‘चेक’. मग व्हेरिफाय. स्टीमवर अपडेट अर्धवट राहून अडकलं असेल तर सेटिंग्जमधल्या डाउनलोड्समधून डाउनलोड कॅश साफ करा. त्यानं गेम जात नाहीत, फक्त पुन्हा लॉगिन करावं लागतं. तरी अडत असेल तर सेटिंग्जमध्ये स्टोरेज, तीन ठिपके, ‘रिपेअर फोल्डर’.

‘घरात इन्व्हर्टर आहे तरी पीसी बंद पडतो’ असं पुष्कळ जण म्हणतात. पीसीचा पॉवर सप्लाय वीज गेल्यावर पूर्ण भारावर जेमतेम १६-१७ मिलिसेकंद तग धरतो. इन्व्हर्टर त्याहून सावकाश पालटला की पीसी बंद. बऱ्याच इन्व्हर्टरवर यूपीएस मोडचं बटण असतं, ते चालू आहे का बघा. वेगळा यूपीएस घेणार असाल तर नुसता व्हीए बघू नका, वॉट विचारा. साधा ६०० व्हीएचा यूपीएस बहुधा ३६० वॉटच पेलतो. त्यावर मोठं ग्राफिक्स कार्ड ओढलं की लाइट गेल्या क्षणी तोही मान टाकतो. यूपीएस खेळत राहण्यासाठी नसतो, सेव्ह करून नीट बंद करण्यासाठी असतो.

८. ‘डिस्क राइट एरर’ येतंय, पण जागा तर शिल्लक आहे.

किती? मोठ्या गेमच्या अपडेटला अपडेटच्या आकाराहून बरीच जास्त जागा लागते, कारण जुनी मोठी फाइल ठेवून शेजारी नवी बांधली जाते. गेमच्या आकाराएवढी मोकळी जागा असेल तर निर्धास्त. जागा असूनही एरर येत असेल तर आधी अँटिव्हायरस, म्हणजे पुढचा प्रश्न, आणि मग डिस्क, म्हणजे प्रश्न १०.

९. ‘डीएलएल सापडत नाही’ म्हणतो. नेटवरून ती एक फाइल उतरवून टाकू का?

कृपा करून नको. सुटी डीएलएल (गेमला चालायला लागणारी मदतनीस फाइल) देणाऱ्या साइटवरून आलेल्या फाइलीत काय आहे ते कुणालाच माहीत नसतं. मी अशा एका फाइलीपायी अख्खं विंडोज पुन्हा टाकलेलं आहे.

संदेशातलं नाव वाचा. त्यात ‘एमएसव्हीसीपी’ किंवा ‘व्हीसीरनटाइम’ असेल तर मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल घ्या, ६४ बिट आणि ३२ बिट दोन्ही. ‘डी३डीएक्स९’नं सुरू होत असेल तर गेम जुना आहे, त्याला मायक्रोसॉफ्टचंच जून २०१० चं डायरेक्टएक्स रनटाइम लागतं. विंडोज ११ मध्ये नवीन डायरेक्टएक्स असूनही हे जुने भाग वेगळे टाकावे लागतात.

नाव गेमच्याच फोल्डरमधल्या फाइलीचं असेल तर बहुतेक वेळा अँटिव्हायरसनं ती उचललेली असते. विंडोज सिक्युरिटीमध्ये ‘प्रोटेक्शन हिस्टरी’ बघा. अधिकृत लाँचरवरून घेतलेल्या गेमची फाइल तिथं दिसली तर परत आणा, गेमचं फोल्डर एक्स्क्लूजनमध्ये (तपासणीतून वगळायच्या यादीत) घाला आणि व्हेरिफाय करा. ‘कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस’ चालू असेल तर गेम उघडतो पण सेव्ह होत नाही, तेही तिथंच दिसेल.

१०. तीनदा व्हेरिफाय केलं. दर वेळी वेगळ्याच फाइली खराब निघतात. हे काय चाललंय?

आता गेम विसरा. इथं गेमचा दोष नाही. डिस्कवरची एकच फाइल एकदा बरोबर आणि एकदा चूक वाचली जातेय, म्हणजे वाचणारा चुकतोय.

पहिला संशय रॅमवर. स्टार्टमध्ये ‘विंडोज मेमरी डायग्नोस्टिक’ शोधा, ते पीसी परत सुरू करून तपासतं. ते ‘काही नाही’ म्हणालं तरी मी त्यावर थांबत नाही. पेनड्राइव्हवर मेमटेस्ट८६ टाकून रात्रभर चालवतो. एकही चूक निघता कामा नये, एकही. चूक निघाली तर बायोसमध्ये (मदरबोर्डच्या सेटिंग्जमध्ये) जाऊन एक्सएमपी, म्हणजे रॅमचा वेग वाढवणारी सेटिंग, बंद करा आणि पुन्हा तपासा. रॅम नेहमीच्या वेगाला ठीक आणि वाढवलेल्या वेगाला चुकते, असं पुष्कळदा होतं. तरीही चूक राहिली तर एकेक स्टिक काढून बघा. दोन स्टिक असतील तर दोषी बहुधा एकच असते, दोन्ही फेकू नका.

दुसरा संशय डिस्कवर. क्रिस्टलडिस्कइन्फो हे मोफत सॉफ्टवेअर डिस्कची तब्येत दाखवतं. निळं म्हणजे ठीक, पिवळं म्हणजे सावध. ‘रीअलोकेटेड सेक्टर्स’ आणि ‘करंट पेंडिंग सेक्टर’ हे दोन आकडे वाढत असतील तर डिस्क चालली. अशा डिस्कवर दुरुस्तीचे प्रयोग करण्याआधी सेव्ह आणि घरातले फोटो बाहेर काढा. लांबलचक स्कॅननं मरणारी डिस्क आणखी लवकर मरते.

आणि तिसरी गोष्ट, जी जवळपास कुणीच बघत नाही. त्याच यादीत ‘यूडीएमए सीआरसी एरर काउंट’ असतो. बाकी सगळं ठीक आणि फक्त हा आकडा वाढतोय, तर डिस्क चांगली आहे, साटाची, म्हणजे डिस्क मदरबोर्डला जोडणारी, केबल खराब आहे. जुळे सोलापूरचा एक मुलगा नवी डिस्क घ्यायला आला होता. त्याला मी केबल बदलून परत पाठवलं. वडिलांचे पैसे वाचले म्हणून तो ज्या तोंडानं हसला, ते मला आठवतं.

११. भारीतला नवा प्रोसेसर आहे, तरी ‘आउट ऑफ व्हिडिओ मेमरी’ किंवा फाइल उलगडताना एरर येते. ग्राफिक्स कार्ड गेलं का?

प्रोसेसर इंटेलचा १३व्या किंवा १४व्या पिढीतला डेस्कटॉपचा असेल, तर आधी त्याच्यावर संशय घ्या. या प्रोसेसरांमध्ये जास्तीच्या व्होल्टेजमुळं अस्थिरता येते, हे इंटेलनं २०२४ मध्ये मान्य केलं. त्या ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये त्यावर मायक्रोकोड (प्रोसेसरच्या आतल्या सूचनांचं अपडेट) दिला आणि वॉरंटी दोन वर्षांनी वाढवली. दाबलेल्या फाइली उलगडणं आणि गेम सुरू होताना शेडर (ग्राफिक्स कार्डासाठीच्या सूचना) तयार करणं ही प्रोसेसरची कामं आहेत. त्यात तो चुकला की गेम ‘फाइल करप्ट’ किंवा ‘व्हिडिओ मेमरी संपली’ म्हणतो आणि बिचारं ग्राफिक्स कार्ड बदललं जातं.

हा मायक्रोकोड बायोसमधून येतो, म्हणून मदरबोर्ड कंपनीच्या साइटवरून नवं बायोस घ्या. बायोस अपडेट करताना लाइट गेली तर बोर्डच निकामी होऊ शकतो, म्हणून यूपीएसशिवाय हे करू नका. आणि हे लक्षात ठेवा की अपडेट पुढचं नुकसान थांबवतं, झालेलं भरून काढत नाही. एरर तशीच राहिली तर वॉरंटीत बदलूनच घ्या.

१२. गेम सकाळी मस्त चालतो, दुपारी दोननंतर बंद पडतो. दुपारी करप्ट होतो का?

नाही, दुपारी तापतो. तापून बंद पडणं आणि करप्ट फाइलनं बंद पडणं बाहेरून सारखंच दिसतं. ओळख अशी, करप्ट फाइलीमुळं गेम त्याच जागी, त्याच लेव्हलला पडतो. तापल्यामुळं कुठंही पडतो, पण सुरू केल्यावर ठरावीक वेळानं.

पूर्व भागातून, यंत्रमागांच्या शेजारच्या घरांतून येणाऱ्या पीसीत आणि पीएस४ मध्ये मला पंख्यावर कापसाच्या तंतूंचा अक्षरशः थर सापडतो. साध्या धुळीसारखा तो झटकून जात नाही, पंख्यामागच्या पत्र्यांत नमद्यासारखा बसतो. ब्लोअर मारताना पंखा बोटानं धरून ठेवा, फिरू देऊ नका. माग जवळ असेल तर वर्षातून दोनदा साफ करा. पण एक बाजू हीसुद्धा आहे की तापलेल्या मशीननं अपडेट करताना मान टाकली, तर फाइली खरोखर करप्ट होतात. म्हणून साफ केल्यावर एकदा व्हेरिफाय कराच.

१३. पीएस४ किंवा पीएस५ वर व्हेरिफाय कुठं आहे?

कुठंच नाही. प्लेस्टेशनवर एकेका गेमची तपासणी करण्याची सोयच दिलेली नाही. तिथं ‘रीबिल्ड डेटाबेस’ आहे. मशीन पूर्ण बंद करा, पॉवर बटण दाबून धरा, पहिल्या बीपनंतर साधारण सात सेकंदांनी दुसरी बीप येईल, तेव्हा सोडा. कंट्रोलर केबलनं जोडा. समोर येणाऱ्या यादीतला पाचवा पर्याय हाच. पीएस५ वर त्याच्या आत ‘क्लिअर कॅश’ही आहे, आधी ते करा. रीबिल्डनं गेम आणि सेव्ह जात नाहीत. भरलेल्या डिस्कवर मात्र बराच वेळ लागतो.

त्याच यादीतल्या सहाव्या-सातव्या पर्यायात पीएस४ वर ‘इनिशियलाइझ’ आणि पीएस५ वर ‘रीसेट’ हा शब्द आहे. तो सगळं पुसतो. एका ओळीनं चुकून खालचं बटण दाबलं गेलं आणि सगळं गेलं, असे फोन मला आलेले आहेत. निवडण्याआधी शब्द दोनदा वाचा.

पीएस४ वर सीई-३४८७८-० आणि पीएस५ वर सीई-१०८२५५-१ हे आकडे ‘गेम कोसळला’ एवढंच सांगतात, कारण सांगत नाहीत. एकाच गेमला येत असेल तर सिस्टम आणि गेम अपडेट करा, मग रीबिल्ड, मग गेम काढून परत टाका. सगळ्या गेमना येत असेल तर हार्ड डिस्क किंवा उष्णता. पीएस४ ची डिस्क साधी अडीच इंची लॅपटॉपचीच असते आणि घरी बदलता येते. तेवढ्यासाठी मशीन घेऊन हुतात्मा एक्स्प्रेसनं पुणं गाठायची गरज नाही. पीएस५ ची आतली एसएसडी बोर्डावरच पक्की असते, ती घरी बदलण्यातली नाही.

१४. आणि एक्सबॉक्सवर?

आधी समोरचं बटण दहा सेकंद दाबून मशीन पूर्ण बंद करा. तरी जमलं नाही तर गेम काढून परत टाका, सेव्ह क्लाउडवर असते. अगदीच अडलं तर रीसेटमध्ये ‘कीप माय गेम्स अँड ॲप्स’ निवडा, दुसरा पर्याय सगळं पुसतो.

१५. स्विचवर ‘करप्टेड डेटा’ येतंय. नवीन ५१२ जीबीचं कार्ड स्वस्तात मिळालं होतं.

स्विचवर तपासणीची सोय आहे. गेमवर जाऊन प्लस बटण दाबा, ‘मॅनेज सॉफ्टवेअर’, मग ‘चेक फॉर करप्ट डेटा’. खराब निघाला तर तो परत उतरवून घेतो.

पण तुमच्या वाक्यातला ‘स्वस्तात’ हा शब्द मला खटकतो. बाजारात अशी कार्डं आणि पेनड्राइव्ह मिळतात ज्यांत खरी जागा ३२ जीबी असते आणि ती स्वतःला ५१२ सांगतात. खऱ्या जागेपर्यंत सगळं सुरळीत, त्यापुढचं लिहिलेलं हवेत जातं आणि तक्रारही येत नाही. कार्ड पीसीला लावून एच२टेस्टडब्ल्यू हे छोटं सॉफ्टवेअर चालवा. ते कार्ड पूर्ण भरतं आणि परत वाचून ताडतं. त्याआधी कार्डावरचं सगळं दुसरीकडं काढा. नकली निघालं तर दुरुस्ती नाही, पैसे परत मागा.

१६. डिस्कवर ओरखडे आहेत, इन्स्टॉल ७० टक्क्यांवर थांबतं.

मऊ सुती कापडानं मधून कडेकडे सरळ पुसा, गोल गोल नाही. टूथपेस्टचा उपाय ब्लू-रेवर करू नका, त्याचा वरचा संरक्षक थरच घासला जातो. मित्राच्या मशीनमध्ये तीच डिस्क चालली तर दोष तुमच्या ड्राइव्हच्या लेन्सचा आहे.

१७. मित्राकडं तोच गेम आहे. पेनड्राइव्हवरून कॉपी केला तर नेट वाचेल ना?

वाचेल, दोघांनीही तो आपापल्या खात्यावर घेतलेला असेल तर. पेनड्राइव्ह एफएटी३२ असेल तर ४ जीबीहून मोठी एकही फाइल त्यावर बसत नाही, आणि गेममध्ये अशा फाइली असतातच. एनटीएफएसमध्ये फॉरमॅट करा. स्टीमवर गेमचं फोल्डर ‘स्टीमॲप्स’मधल्या ‘कॉमन’मध्ये ठेवा आणि इन्स्टॉल दाबा, ते असलेल्या फाइली ओळखतं. एपिकवर आधी इन्स्टॉल सुरू करून थोड्या वेळानं थांबवा, फाइली त्या फोल्डरमध्ये टाका, मग पुढं चालू करा. कॉपीनंतर व्हेरिफाय सोडू नका.

दोघं एकाच वायफायवर असाल तर याहून सोपं आहे. स्टीममध्ये २०२३ पासून स्थानिक नेटवर्कवरून गेम पाठवण्याची सोय आहे, डाउनलोड्सच्या सेटिंगमध्ये ती चालू करा. त्यात पेनड्राइव्हच लागत नाही.

१८. रीपॅक आहे, स्टीमवरचा नाही. तो कसा रिपेअर करायचा?

रीपॅक म्हणजे कुणीतरी परस्पर दाबून बांधलेला अनधिकृत गेम. खरं सांगतो, तो रिपेअर करता येत नाही. प्रश्न १ मध्ये सांगितलेली मूळ आकड्यांची यादी तुमच्याकडं नाही, मग ताडणार कशाशी? शिवाय अँटिव्हायरसनं उचललेली फाइल निरुपद्रवी आहे की खरंच विषारी, हे तुम्हाला किंवा मला सांगता येणार नाही. माझ्या काउंटरवर बँकेचे पासवर्ड चोरीला गेलेले पीसी आले आहेत. पैशांची अडचण मला समजते. स्टीमवर रुपयांत किमती असतात आणि सेलमध्ये जुने उत्तम गेम फार स्वस्त मिळतात. काउंटर-स्ट्राइक २ आणि डोटा २ तर फुकटच आहेत.

१९. मॉड काढले, व्हेरिफायही केलं, सगळं बरोबर म्हणतो. तरी गेम कोसळतो.

कारण व्हेरिफाय फक्त यादीतल्या फाइली बघतं. मॉडनं बदललेली फाइल ते मूळपदावर आणतं, पण मॉडनं *नव्यानं* टाकलेली फाइल यादीत नसल्यानं तिला हातही लावत नाही. गेम मात्र ती वाचतो. ‘डीइनपुट८’ (dinput8) नावाची डीएलएल किंवा ‘मॉड्स’, ‘स्क्रिप्ट्स’ अशी फोल्डरं शोधा. स्टीम वर्कशॉपचे मॉड आधी अनसबस्क्राइब करा, नाहीतर ते परत उतरतात. सगळ्यांत खात्रीचा मार्ग म्हणजे गेम अनइन्स्टॉल करा, ‘कॉमन’मध्ये उरलेलं त्याचं फोल्डर हातानं डिलीट करा आणि मग टाका. हाच तो प्रसंग जिथं पुन्हा टाकणं योग्य आहे. सेव्ह आधी काढा. मॉडसह केलेली सेव्ह मॉडशिवाय उघडेलच असं नाही, म्हणून जुनी सेव्हही वेगळी ठेवा.

२०. सेव्हच करप्ट झाली, आणि क्लाउडवरही तीच गेली. काही उरलं का?

बहुतेक वेळा उरतं, पण आता गेम उघडू नका. प्रत्येक वेळी उघडताना आणि बंद करताना क्लाउडवर लिहिलं जातं. आधी नेट काढा. गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये स्टीम क्लाउड बंद करा.

मग सेव्हच्या फोल्डरमध्ये ‘बॅकअप’, ‘बाक’ किंवा ‘ओल्ड’ असं शेपूट असलेली फाइल शोधा. अनेक गेम मागची एक सेव्ह अशी ठेवतात. मूळ फाइलीची प्रत काढून तिच्या जागी ही त्याच नावानं ठेवा. नसेल तर फोल्डरवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीजमधलं ‘प्रीव्हियस व्हर्जन्स’ बघा. तेही रिकामं असेल तर दुसऱ्या मशीनवरून स्टीमच्या साइटवर आपल्या खात्यातली क्लाउड फाइलींची यादी उघडा. वेगवेगळ्या स्लॉटच्या फाइली तिथं तारखेसह दिसतात आणि उतरवता येतात. लाइट जाण्याआधीची तारीख असलेली एखादी असेल तर ती घ्या. भावाच्या किंवा मित्राच्या लॅपटॉपवर त्याच खात्यानं कधी खेळला असाल, तर तो लॅपटॉप नेट *न* जोडता उघडा. तिथं जुनी, चांगली सेव्ह अजून बसलेली असते, नेट जोडल्यावर ती पुसली जाऊ शकते.

सेव्ह परत मिळाली की स्टीम ‘लोकल ठेवू की क्लाउड’ विचारेल. लोकल निवडा, आणि दाबण्याआधी दोन्हींवरच्या तारखा वाचा.